टोपणनाव, सोंग आणि तोतया : ऑनलाइन ओळखीच्या वादाचा आढावा

१९३३ मध्ये 'कळ्यांचे निःश्वास' हा कथासंग्रह प्रसिद्ध झाला आणि सुशिक्षित मराठी घरांत एक प्रश्न फिरू लागला : ही विभावरी शिरूरकर कोण? शिकलेल्या, नोकरी करणाऱ्या, लग्न लांबलेल्या मुलींच्या मनातले त्या कथांत इतके मोकळेपणाने आले होते की पुस्तकाइतकीच चर्चा लेखिकेच्या नावाची झाली. त्या बाळूताई खरे, म्हणजेच लग्नानंतरच्या मालतीबाई बेडेकर, हे नंतर उघड झाले.

आज तोच प्रश्न फोनच्या पडद्यावर दिवसातून अनेकदा पडतो. हा आयडी नक्की कोणाचा? या नावामागे बाई आहे की पुरुष, एक माणूस आहे की दहा, मुळात माणूस तरी आहे का? गेली तीस-पस्तीस वर्षे अभ्यासक, कंपन्या, न्यायालये आणि सरकारे यावर वाद घालत आहेत. तो वाद कुठून निघाला, कुठवर आला आणि कुठे अडला आहे, हे इथे पाहायचे आहे.

आधी शब्दांचा हिशेब करू. सध्या आपण सरसकट 'फेक अकाउंट' म्हणून मोकळे होतो, पण मराठीत या एका शब्दाच्या जागी तीन वेगळे शब्द आहेत. टोपणनाव घेणारा नाव बदलतो, पण बोलतो स्वतःच्याच मनातले, आणि घेतलेल्या नावाची अब्रू त्याला सांभाळावी लागते. सोंग घेणारा भूमिका बदलतो. बहुरूपी पोलीस होऊन दारात उभा राहतो तेव्हा तो पोलीस नाही हे घरच्यांना कळत असते, आणि त्या खेळात तेही सामील असतात. तोतया मात्र दुसऱ्याची ओळखच बळकावतो. पानिपतानंतर सदाशिवरावभाऊ म्हणवून घेत पुढे आलेल्या इसमाने त्या नावावर माणसे जमवली, कोकणातले किल्ले घेतले, आणि १७७६ मध्ये त्याला देहदंड झाला. या तिन्ही गोष्टी एकाच तागडीत घातल्या की वाद भरकटतो, असे मला हा सगळा पट वाचताना पुन्हा पुन्हा वाटत आले आहे.

मुद्रेपासून आयडीपर्यंत

नाव आणि माणूस यांचे नाते आपल्याकडे कधीच एकास एक नव्हते. अभंगाच्या शेवटी येणारी 'नामा' ही मुद्रा एकट्या संत नामदेवांची राहिली नाही. नंतरच्या विष्णुदास नामाच्या रचना नामदेवांच्या गाथेत मिसळल्या आणि त्या वेगळ्या काढताना संशोधकांच्या पिढ्या गेल्या. १८४८ पासून 'प्रभाकर' साप्ताहिकात 'शतपत्रे' लिहिणारे गोपाळ हरि देशमुख सरकारी नोकरीत होते. समाजावर कोरडे ओढायला त्यांनी 'लोकहितवादी' हे नाव घेतले. राम गणेश गडकरी कवितेला गोविंदाग्रज होते आणि विनोदाला बाळकराम. चिं. त्र्यं. खानोलकरांनी कादंबऱ्या आणि नाटके स्वतःच्या नावाने लिहिली, कविता मात्र 'आरती प्रभू'ची. जयवंत दळवी 'ललित'मध्ये वर्षानुवर्षे 'ठणठणपाळ' होते.

या परंपरेतली एक गोष्ट पुढच्या चर्चेसाठी महत्त्वाची आहे. टोपणनावामागे कोण आहे, हे सहसा संपादकाला ठाऊक असे. म्हणजे नावाची किल्ली कोणातरी माणसाकडे असे, आणि लेखक ती विश्वासाने त्याच्या हाती देत असे.

कागदावरचे नाव तरी कुठे पक्के होते? लग्नात ताटातल्या तांदळांत नवे नाव लिहिले की बाईची अर्धी कागदपत्रे जुनी होत. २०२४ मध्ये महाराष्ट्र सरकारने १ मे नंतर जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचे नावही लावण्याचा निर्णय घेतला. 'खरे नाव' ही गोष्ट वाटते तितकी स्थिर नाही, याची साक्ष आपली शासकीय दफ्तरेही देतात.

संगणकावरची टोपणनावे १९७०च्या दशकात आली. १९७८ मध्ये ब्रिटनच्या एसेक्स विद्यापीठात रॉय ट्रबशॉ आणि रिचर्ड बार्टल यांनी 'मड' हा निव्वळ शब्दांतून खेळायचा खेळ तयार केला. त्यातून पुढे अशा अनेक आभासी जागा निघाल्या. तिथे हवे ते नाव, लिंग आणि रूप घेऊन वावरता येई. मानसशास्त्राच्या अभ्यासक शेरी टर्कल यांनी तिथल्या लोकांशी बोलून १९९५ मध्ये 'लाइफ ऑन द स्क्रीन' लिहिले. माणसाचा 'मी' एकसंध नसतो, तो अनेक खिडक्यांत एकाच वेळी उघडा असू शकतो, असे त्यांचे निरीक्षण होते. त्याआधी दोनच वर्षे, जुलै १९९३ मध्ये, 'न्यूयॉर्कर'मध्ये पीटर स्टायनर यांचे ते प्रसिद्ध व्यंगचित्र आले होते : संगणकापुढे बसलेला कुत्रा दुसऱ्या कुत्र्याला सांगतो की इथे आपण कुत्रे आहोत हे कोणालाच कळत नाही.

मराठी माणूसही फार मागे नव्हता. १९९६ मध्ये मायबोली सुरू झाली, पुढे मनोगत, मिसळपाव आले. परदेशी स्थायिक झालेले आणि इथले अशा दोघांच्या गप्पांतून नवी शब्दसंपदा तयार झाली. माणसाला 'आयडी' म्हणायचे. एकाच माणसाने घेतलेल्या दुसऱ्या नावाला 'डुआयडी'. प्रत्यक्ष भेटीला 'गटग' किंवा 'कट्टा'. गटगला समोरासमोर बसलेली माणसेही एकमेकांना आयडीनेच हाक मारत. इथे टोपणनाव ओळख लपवत नव्हते, तीच नवी ओळख झाली होती. डुआयडीवर मात्र सर्वांचा राग असे. नाव दुसरे आहे म्हणून हा राग नव्हता. एकाच वादात एकाच माणसाने दोन तोंडांनी बोलून स्वतःलाच दुजोरा द्यावा, ही फसवणूक लोकांना खुपत होती.

एक माणूस, एक नाव

२००४ मध्ये फेसबुक सुरू झाले आणि वारे फिरले. इथे कॉलेजात असलेले नावच हवे होते. मार्क झुकरबर्ग यांनी डेव्हिड कर्कपॅट्रिक यांच्याशी बोलताना मांडलेली भूमिका अशी, की एकाच माणसाने दोन ओळखी बाळगणे हा सचोटीचा अभाव आहे. यात धंद्याचे गणित होते, कारण खऱ्या नावाच्या माणसाला जाहिरात दाखवणे अधिक फायद्याचे. तरी ही भूमिका केवळ धंद्याची म्हणून झटकून टाकता येत नाही.

तिच्यामागे एक जुना नैतिक विचार आहे : बोललेल्या शब्दाला धनी हवा. मानसशास्त्रज्ञ जॉन सुलर यांनी २००४ मध्ये दाखवून दिले की पडद्याआड गेल्यावर माणसाचा संकोच सुटतो. त्यातून कधी मन मोकळे होते, कधी विखार बाहेर पडतो. हा विखार कोणाच्या वाट्याला येतो हेही पाहायला हवे. १ जानेवारी २०२२ रोजी 'बुली बाई' नावाच्या ॲपवर शंभराहून अधिक मुस्लिम स्त्रियांची छायाचित्रे 'लिलावा'साठी मांडली गेली. मुंबई पोलिसांच्या सायबर शाखेने तपास करून आरोपींना पकडले, आणि दिशाभूल करण्यासाठी शीख वाटतील अशी नावे वापरल्याचे पोलिसांनी सांगितले. त्या स्त्रियांना 'निनावीपणा हे स्वातंत्र्य आहे' असे सांगायला धीर होत नाही. आपल्या कायद्यातही या भूमिकेला आधार आहे. माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६६ड नुसार, संगणकाच्या साहाय्याने तोतयेगिरी करून फसवणाऱ्यास तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक लाखापर्यंत दंड होऊ शकतो.

एका माणसाची अनेक तोंडे

विरुद्ध बाजूचे म्हणणे समाजशास्त्रज्ञ अर्व्हिंग गॉफमन यांच्या १९५०च्या दशकातल्या मांडणीपर्यंत मागे जाते. माणूस कचेरीत, घरात आणि मित्रांत वेगवेगळा वागतो, कारण समोरचे प्रेक्षक वेगळे असतात. यात खोटेपणा नाही. २००३ मध्ये 'फोरचॅन' हा निनावी चर्चामंच सुरू करणाऱ्या ख्रिस्तोफर पूल यांनी २०११ मध्ये झुकरबर्ग यांना नेमका हाच प्रतिवाद केला : ओळख लोलकासारखी असते, जिकडून पाहाल तिकडून वेगळी. दाना बॉइड यांनी वापरलेल्या संकल्पनेनुसार आताची अडचण अशी, की सगळे प्रेक्षक एकाच दालनात येऊन बसले आहेत. मावशी, माजी वर्गमित्र, साहेब आणि सोसायटीचे सेक्रेटरी एकच स्टेटस पाहतात, आणि मग माणूस कोणालाच खुपणार नाही असे काहीतरी टाकतो. टोपणनाव म्हणजे त्या दालनात पुन्हा भिंती घालणे.

महाराष्ट्रात या बाजूचे सर्वांत बोलके उदाहरण आडनाव आहे. 'आडनाव काय?' हा प्रश्न आपल्याकडे निरागस क्वचितच असतो. पवार, जाधव, मोरे ही आडनावे अनेक जातींत सापडतात, म्हणून उत्तर मिळाल्यावर लगेच 'गाव कोणतं?' असा पुढचा प्रश्न येतो. खऱ्या नावाच्या सक्तीने लिहिणाऱ्याच्या आधी त्याची जात वाचली जाते. आडनावाशिवाय किंवा अगदी वेगळ्या नावाने लिहिणाऱ्या दलित मुलामुलींना निदान पहिल्या चार ओळी पूर्वग्रहाविना वाचल्या जाण्याची संधी मिळते. अमेरिकेत किंवा युरोपात चाललेल्या चर्चेत हा मुद्दा जवळजवळ येत नाही. आपल्याकडे तो केंद्रस्थानी असायला हवा, असे माझे मत आहे.

समलैंगिकांचा अनुभवही असाच. १९९८ मध्ये 'गे बॉम्बे' हा गट इंटरनेटवर सुरू झाला तेव्हा कलम ३७७ कायम होते. सर्वोच्च न्यायालयाने प्रौढांच्या संमतीच्या संबंधांना त्यातून वगळले ते ६ सप्टेंबर २०१८ रोजी. मधल्या वीस वर्षांत अनेकांचा पहिला मोकळा शब्द टोपणनावानेच बाहेर पडला.

कंपन्यांनाही माघार घ्यावी लागली. २०११ मध्ये गूगल प्लसने खऱ्या नावाची अट घातली, विरोधाला 'निमवॉर्स' असे नावच पडले, आणि २०१४ मध्ये अट मागे घेतली गेली. त्याच वर्षी सॅन फ्रान्सिस्कोतल्या ड्रॅग कलावंतांची खाती बंद केल्याबद्दल फेसबुकने माफी मागितली. त्या कलावंतांचे रंगमंचावरचे नाव हेच त्यांचे रोजचे नाव होते.

खऱ्या नावाने बोलण्याची किंमत काय असते, हे नोव्हेंबर २०१२ मध्ये पालघरला दिसले. मुंबई बंदबद्दल फेसबुकवर मत लिहिणारी एक तरुणी आणि ते लाइक करणारी तिची मैत्रीण, दोघींना अटक झाली. त्यानंतर उभ्या राहिलेल्या श्रेया सिंघल खटल्यात २४ मार्च २०१५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने माहिती तंत्रज्ञान कायद्याचे कलम ६६अ रद्द केले.

पुरावा कुणाच्या बाजूने?

खऱ्या नावाच्या सक्तीचा सर्वांत मोठा प्रयोग दक्षिण कोरियात झाला. २००७ मध्ये रोज तीन लाखांहून अधिक भेटी असलेल्या संकेतस्थळांना लिहिणाऱ्याची ओळख तपासणे बंधनकारक झाले. २००९ मध्ये ही मर्यादा एक लाखावर आणली गेली. परिणाम उलटाच झाला. तपासणीसाठी जमा केलेली माहिती चोरांच्या दृष्टीने घबाड ठरली. २०११ मध्ये एकाच कंपनीवरच्या हल्ल्यात साडेतीन कोटी लोकांची माहिती गेली. २३ ऑगस्ट २०१२ रोजी तिथल्या घटनात्मक न्यायालयाने एकमताने कायदा रद्द केला. बेकायदा मजकूर लक्षणीय घटल्याचा पुरावा नाही आणि लोक परदेशी संकेतस्थळांकडे वळले, ही कारणे त्यात होती.

जर्मनीतल्या एका याचिका-मंचावरच्या पाच लाखांहून अधिक प्रतिक्रियांचा अभ्यास २०१६ मध्ये प्रसिद्ध झाला. तिथे स्वतःच्या नावाने लिहिणारेच अधिक आक्रमक आढळले. आपण न्यायासाठी लढतो आहोत अशी खात्री असलेल्याला नाव लपवावेसे वाटत नाही, असा अर्थ अभ्यासकांनी लावला. त्याआधी रायशर, स्पिअर्स आणि पोस्टमेस यांनी १९९५ मध्ये मांडले होते की निनावी माणूस बेबंद होतोच असे नाही, तो आपल्या गटाच्या रीतीकडे अधिक झुकतो. गट सभ्य तर तोही सभ्य.

मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो तो 'हफिंग्टन पोस्ट'वरच्या साडेचार कोटी प्रतिक्रियांचा अभ्यास. त्या वृत्त-संकेतस्थळाने सुरुवातीला सहज निनावी लिहू दिले, मग टिकाऊ टोपणनावाची अट घातली, आणि शेवटी फेसबुकमार्गे खरे नाव आणले. विचारांचा सखोलपणा मधल्या टप्प्यात सर्वाधिक होता. बदलता न येणाऱ्या टोपणनावाला पत असते आणि ती गमावण्याची भीतीही असते, शिवाय घरच्यांच्या आणि साहेबांच्या नजरेपासून आडोसाही मिळतो. मराठी गटग भरवणाऱ्यांना हे अनुभवाने आधीच माहीत होते.

अर्थात हे अभ्यास मुख्यतः लिखित चर्चांचे आणि परदेशांतले आहेत. व्हॉट्सॲपच्या कुटुंबगटात, जिथे प्रत्येकाचा नंबर सर्वांकडे आहे आणि तरीही विखारी मजकूर मुक्तपणे पुढे ढकलला जातो, तिथे हे निष्कर्ष जसेच्या तसे लावता येणार नाहीत.

सोंग कुठे संपते?

ओळख प्रवाही असते हे मान्य केले तरी किती प्रवाही, हा प्रश्न उरतोच. निक यी आणि जेरेमी बेलेन्सन यांनी २००७ मध्ये दाखवले की उंच आभासी देह मिळालेले लोक वाटाघाटीत अधिक ताठ राहतात. म्हणजे सोंग घेणाऱ्यावर सोंगही परिणाम करते. जपानमध्ये २०१६ पासून 'किझुना आय'सारखी चित्ररूप पात्रे लोकप्रिय झाली. मागे खरा आवाज असतो, पुढे चित्र, आणि प्रेक्षकांना दोन्ही ठाऊक असते. हे बहुरूप्याच्या जवळचे आहे.

२०११ च्या अमीना अराफ प्रकरणात हा करार मोडला. दमास्कसमधली समलैंगिक तरुणी म्हणून सीरियातल्या उठावावर लिहिणाऱ्या अमीनाचे 'अपहरण' झाल्याची बातमी आली आणि जगभर तिच्या सुटकेसाठी मोहीम उभी राहिली. मग उघड झाले की ती एडिंबरात शिकणारा टॉम मॅकमास्टर हा अमेरिकन पुरुष होता. लिखाण कल्पित होते हा आक्षेप गौण होता. सीरियात खरोखर जिवावर उदार होऊन लिहिणाऱ्यांवर यापुढे कोण विश्वास ठेवील, हा तिथल्या कार्यकर्त्यांचा संताप होता. विभावरी शिरूरकर आणि अमीना अराफ यांच्यातला फरक इथे स्पष्ट होतो. विभावरीच्या नावामागची बाई तेच आयुष्य आतून ओळखत होती. अमीनाच्या नावामागच्या माणसाने दुसऱ्यांचा धोका उसना घेतला होता.

टोपणनावाचाही तोतया निघू शकतो. २००८ मध्ये सातोशी नाकामोतो या नावाने बिटकॉइनची संकल्पना मांडली गेली. ते नाव कोणाचे, हे अद्याप उघड झालेले नाही. क्रेग राइट यांनी वर्षानुवर्षे ते नाव स्वतःचे असल्याचा दावा केला, आणि मार्च २०२४ मध्ये लंडनच्या उच्च न्यायालयाने ते सातोशी नाहीत असा निर्णय दिला. मालक पुढे न येताही नावाची मालकी न्यायालयात तपासली गेली.

टर्कल यांचे स्वतःचे मतही वयानुसार बदलले. २०११ च्या 'अलोन टुगेदर'मध्ये त्यांचा सूर काळजीचा आहे.

किल्ली कोणाकडे?

संपादकाकडे असलेली किल्ली आता कंपनीच्या सर्व्हरवर आहे, आणि वादाचे केंद्र तिथे सरकले आहे. भारतात सिमकार्डाला ओळखपत्र लागते आणि बहुतेक खात्यांना मोबाइल नंबर. त्यामुळे वाचकांसाठी निनावी असलेला माणूस व्यवस्थेसाठी निनावी नसतोच. आधारचा पहिला क्रमांक २९ सप्टेंबर २०१० रोजी नंदुरबार जिल्ह्यातल्या टेंभली गावात दिला गेला. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मोबाइलला आधार जोडण्याची सक्ती रद्द केली. त्याआधी २४ ऑगस्ट २०१७ रोजी नऊ न्यायाधीशांनी खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरवला होता. टोपणनावाने बोलणे त्या हक्कात कितपत येते, याचा थेट निवाडा त्यात नाही.

२०२१ च्या माहिती तंत्रज्ञान नियमांनी मोठ्या कंपन्यांना दोन गोष्टी सांगितल्या : वापरकर्त्याला स्वेच्छेने ओळख पटवण्याची सोय द्या, आणि आदेश आल्यास संदेश पहिल्यांदा कोणी पाठवला ते शोधून द्या. दुसऱ्या अटीला व्हॉट्सॲपने दिल्ली उच्च न्यायालयात आव्हान दिले. जर्मनीच्या कायद्याने उलट, शक्य तिथे निनावी किंवा टोपणनावाने वापराची सोय देण्याची जबाबदारी कंपनीवर टाकली होती. २०१९ मध्ये कलाजगतातल्या लैंगिक छळाच्या तक्रारी प्रसिद्ध करणाऱ्या एका निनावी इन्स्टाग्राम खात्याविरुद्ध दिल्ली उच्च न्यायालयात मानहानीचा दावा उभा राहिला. आरोप झालेल्याला उत्तर देण्याचा हक्क आणि तक्रार करणारीला आडोशाचा हक्क, दोन्ही एकाच वेळी खरे आहेत. किल्ली कधी, कोणाच्या हुकुमाने आणि किती पुराव्यावर फिरवायची, याची ठरलेली कसोटी आपल्याकडे अजून नाही.

किल्लीवाचून कुलूप उघडण्याची तंत्रेही आली आहेत. २०१३ मध्ये रॉबर्ट गॅलब्रेथ म्हणजे जे. के. रोलिंग, हे उघड होताना शब्दांच्या सवयी मोजणाऱ्या संगणकीय विश्लेषणाचा आधार घेतला गेला. २०१२ च्या एका अभ्यासात एक लाख लेखकांमधून निनावी मजकुराचा खरा धनी वीस टक्क्यांहून अधिक वेळा ओळखता आला होता, आणि तंत्र तेव्हापासून पुढेच गेले आहे. उलट दिशेने, चेहरा आणि आवाजही आता उसना घेता येतो. जुलै २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने गायक अरिजित सिंग यांच्या आवाजाची कृत्रिम बुद्धिमत्तेने नक्कल करण्यास मनाई केली. ज्यांना न्यायालयात जाणे परवडत नाही, त्यांच्या आवाजाचे काय, हा प्रश्न मोकळाच आहे. आणि ऑस्ट्रेलियाने १० डिसेंबर २०२५ पासून सोळा वर्षांखालील मुलांना समाजमाध्यमांवर खाती ठेवण्यास बंदी केल्यापासून, वय तपासण्याच्या निमित्ताने सर्वांचीच ओळख तपासली जाईल का, ही नवी चर्चा सुरू झाली आहे.

नावामागचा माणूस गेल्यावर

एका बाजूकडे या सगळ्या वादात फार कमी लक्ष गेले आहे. टोपणनावाने जगलेला माणूस गेला की त्याच्या दोन जगांना एकमेकांची खबर कोण देणार?

नॉर्वेतला माट्स स्टेन स्नायू क्षीण करणाऱ्या आनुवंशिक आजाराने व्हीलचेअरला खिळलेला होता. नोव्हेंबर २०१४ मध्ये, पंचविसाव्या वर्षी, तो गेला. मुलाचे आयुष्य खेळाच्या पडद्यापुढे एकटेपणात सरले, याचे आईवडिलांना फार दुःख होते. त्याने मागे ठेवलेला पासवर्ड वापरून वडिलांनी तो लिहीत असे त्या जागी त्याच्या निधनाची बातमी टाकली. मग पत्रे येऊ लागली. ती 'इबेलिन'बद्दल होती. 'वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट'मध्ये तो या नावाने वावरत असे. एकीने लिहिले होते की त्याने तिला धीर दिला, कुणी लिहिले की मुलाशी बोलायचे कसे हे त्याच्यामुळे कळले. अंत्यविधीला निरनिराळ्या देशांतून माणसे आली; त्यांनी माट्सला कधी पाहिले नव्हते, आणि आईवडिलांनी इबेलिनला.